तिला पटावरून उठवतं कोण?

२८ जुलै २०२५ला जॉर्जियातल्या बातुमी शहरात नागपूरची दिव्या देशमुख महिलांचा बुद्धिबळ विश्वचषक जिंकली. समोर कोनेरू हंपी होती. मुख्य दोन डाव बरोबरीत सुटले होते, निकाल जलद डावांवर गेला आणि तिथं दिव्यानं बाजी मारली. डाव संपल्यावर ती रडत रडत आईच्या गळ्यात पडली. तो व्हिडिओ तुम्हीही पाहिला असेल. आमच्या वेळणेश्वर, हेदवी, शृंगारतळी परिसरातल्या जवळपास प्रत्येक व्हॉट्सअॅप ग्रुपवर तो फिरला. ‘बेटी हो तो ऐसी’, ‘माशाअल्लाह’, ‘अभिमान आहे’ असे शेरे त्याखाली पडत होते.

अभिमान मलाही वाटला. पण शेरे वाचताना एक प्रश्न डोक्यातून जाईना. ज्या घरांतून हे शेरे येत होते, त्या घरांतली किती मुलं आज बुद्धिबळ खेळतात? बरीच खेळतात. त्यांत मुली किती? आठवीपर्यंत निम्म्या. अकरावीत? एकही नाही. मी गेली काही वर्षं सुट्टीत मुलांना जमवून पट मांडतो, तालुक्याच्या शालेय स्पर्धांना त्यांच्याबरोबर जातो, त्यावरून सांगतो आहे. ही सरकारी आकडेवारी नाही. पण तुमच्या गावात याहून वेगळं चित्र असेल तर मला जरूर कळवा.

मुलगी हुशार असते, खेळ तिला आवडतो, ती जिंकतेही. मग चौदाव्या-पंधराव्या वर्षी तिला पटावरून उठवतं कोण? दिव्याची कारकीर्द समोर ठेवून मला याच प्रश्नाचं उत्तर शोधायचं आहे.

एक कारकीर्द कशाची बनते

दिव्याचा जन्म ९ डिसेंबर २००५चा. आई-वडील दोघंही डॉक्टर. पाचव्या वर्षी पटाशी ओळख झाली आणि सातव्या वर्षाच्या आत ती सात वर्षांखालच्या मुलींची राष्ट्रीय विजेती होती. २०१४मध्ये दहा वर्षांखालच्या आणि २०१७मध्ये बारा वर्षांखालच्या मुलींची जगज्जेती. २०२२ आणि २०२३, सलग दोन वर्षं महिलांचं राष्ट्रीय विजेतेपद. २०२३मध्येच आशियाई विजेतेपद. २०२४मध्ये गांधीनगरला वीस वर्षांखालच्या मुलींचं जागतिक विजेतेपद, अकरापैकी दहा गुण घेऊन. त्याच वर्षी बुडापेस्टच्या ऑलिम्पियाडमध्ये भारतीय महिलांनी पहिल्यांदा सुवर्णपदक जिंकलं. त्या संघात तिसऱ्या पटावर दिव्या होती. अकरापैकी साडेनऊ गुण मिळवून तिनं वैयक्तिक सुवर्णही घेतलं. संघाचा कर्णधार होता पुण्याचा अभिजित कुंटे.

ही यादी वाचताना पदकांपेक्षा वर्षं पाहा. २०१२ ते २०२५. या तेरा वर्षांत एका मुलीला कोणी ‘आता पुरे’ म्हटलं नाही. दहावी आली म्हणून पट माळ्यावर गेला नाही. वयात आली म्हणून प्रवास बंद झाला नाही. हरली तेव्हा ‘वेळ वाया गेला’ असा हिशेब कोणी मांडला नाही. ती हरली नसेल असं नाही. बुद्धिबळात प्रत्येकजण हरतो, आणि हरल्यावर ‘नशीब खोटं’ असंही म्हणता येत नाही, कारण तिथं फासा नाही, चूक आपलीच असते. अशा खेळात तेरा वर्षं टिकायला मुलीचं डोकं लागतंच. पण घरच्यांचा धीर त्याहून जास्त लागतो.

बातुमीला गेली तेव्हा मानांकनात ती पंधरावी होती. तिनं दुसरं मानांकन असलेल्या चीनच्या झू जिनरला हरवलं, मग आपल्याच द्रोणावल्ली हरिकाला, मग माजी जगज्जेती तान झोंगयीला आणि शेवटी हंपीला. या विजयानं ती भारताची अठ्ठ्याऐंशीवी ग्रँडमास्टर झाली. आपल्याकडे हंपी, हरिका आणि वैशालीनंतर हा किताब मिळवणारी ती चौथी बाई.

यावर काहींनी नाकं मुरडली. ग्रँडमास्टर व्हायला एरवी २५०० रेटिंग आणि तीन नॉर्म लागतात. मोठ्या स्पर्धांत ठरावीक दर्जाची कामगिरी केली की एक नॉर्म मिळतो. दिव्याकडे एकही नव्हता, विश्वचषकाच्या नियमानुसार तिला थेट किताब मिळाला. म्हणजे ‘मागच्या दारानं’ मिळाला, असं म्हणणारे निघाले. ज्या दारात झू जिनर, हरिका, तान झोंगयी आणि हंपी उभ्या आहेत त्याला मागचं दार म्हणत असतील, तर पुढचं कसं असतं ते त्यांनीच सांगावं. हंपी २००२मध्ये ग्रँडमास्टर झाली, तेव्हा दिव्याचा जन्मही झाला नव्हता. तीच हंपी दोनदा जलद बुद्धिबळाची जगज्जेती आहे. तिला जलद डावात हरवणं ही सवलत नव्हे.

खरं तर हा सूर जुना आहे. बाई जिंकली की आधी नियमाचं पुस्तक उघडायचं.

१९७६चा वाद

हे पुस्तक महाराष्ट्रात एकदा फार जोरात उघडलं गेलं होतं. मुंबईच्या ‘नवाकाळ’चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या तीन मुली, वासंती, जयश्री आणि रोहिणी. १९७४मध्ये महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली, ती वासंतीनं जिंकली. पुढची जवळजवळ दहा वर्षं हे विजेतेपद या तीन बहिणींनी आपसात वाटून घेतलं. जयश्री १९७९मध्ये भारताची पहिली महिला इंटरनॅशनल मास्टर झाली.

१९७६मध्ये धाकटी रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला उतरली. वय वर्षं तेरा. केवढा गदारोळ झाला! मुलीनं पुरुषांत खेळावं की नाही, हा वाद उच्च न्यायालयापर्यंत गेला. शेवटी जागतिक महासंघाचे अध्यक्ष मॅक्स यूव्ह यांनी निर्वाळा दिला की राष्ट्रीय किंवा आंतरराष्ट्रीय खुल्या स्पर्धांतून स्त्रियांना अडवता येणार नाही. रोहिणी खेळली आणि काही पुरुषांना हरवूनही आली. १९८१मध्ये हैदराबादला ती आशियाई महिला विजेती झाली. तिच्या मागून भाग्यश्री साठे-ठिपसे आणि अनुपमा अभ्यंकर-गोखले आल्या. दोघींनी पाच-पाच वेळा राष्ट्रीय विजेतेपद जिंकलं. दोघींना पद्मश्री मिळाली.

आता २०२५कडे या. विश्वचषकानंतर सप्टेंबरमध्ये समरकंदला ग्रँड स्विस स्पर्धा झाली. महिलांचा गट वेगळा होता. दिव्या खुल्या गटात बसली आणि जगज्जेत्या गुकेशला तिनं बरोबरीत रोखलं. कोणी कोर्टात गेलं नाही. तो हक्क एकोणपन्नास वर्षांपूर्वी एका तेरा वर्षांच्या मराठी मुलीनं आणि तिच्या पाठीशी उभ्या राहिलेल्या बापानं मिळवून ठेवला होता.

मुलीच्या कारकिर्दीत बापाचं काम एवढंच असतं. पटावरच्या चाली तिच्या तिला सुचतात. पण दारात कोणी आडवा आला तर त्याच्याशी भांडायला घरातलं माणूस लागतं.

नजर पटावर की कपड्यांवर

जानेवारी २०२४मध्ये दिव्या नेदरलँड्समधल्या वाइक आन झी इथं खेळून आली आणि तिनं इन्स्टाग्रामवर एक गोष्ट मोकळेपणानं लिहिली. प्रेक्षक तिच्या डावापेक्षा तिच्या कपड्यांवर, केसांवर, बोलण्याच्या ढबीवर शेरे मारत होते. पुरुष खेळाडूंच्या वाट्याला मात्र खेळाचे प्रश्न येत होते. तेव्हा ती अठरा वर्षांची होती. हे नेदरलँड्समध्ये, सुशिक्षित बुद्धिबळप्रेमींच्या गर्दीत घडलं. म्हणजे ही खोड कुठल्या एका देशाची किंवा धर्माची नाही.

इथं मला सहा वर्षं मागे जावं लागतं. २०१८मध्ये आशियाई सांघिक स्पर्धा इराणमध्ये हमादानला होती. पुण्याची सौम्या स्वामिनाथन भारतीय संघात होती. २००९मध्ये तिनं तेच मुलींचं जागतिक विजेतेपद जिंकलं होतं, जे पंधरा वर्षांनी दिव्यानं जिंकलं. इराणमध्ये खेळायचं तर डोक्यावर स्कार्फ बांधणं सक्तीचं होतं. सौम्यानं नकार दिला आणि संघातून आपलं नाव मागे घेतलं. सक्तीचा स्कार्फ हा माझ्या मूलभूत हक्कांवर घाला आहे, असं तिनं जाहीरपणे सांगितलं.

तेव्हा आपल्यातल्या काहींनी तिला इस्लामविरोधी ठरवलं. तिकडे ज्यांना मुसलमान बाईच्या हक्कांची एरवी कधी आठवण येत नाही, ते रातोरात तिचे पाठीराखे झाले. दोन्ही बाजूंनी तिचं म्हणणं ऐकलंच नाही. स्कार्फ वाईट आहे, असं तिचं म्हणणं नव्हतं. माझ्या डोक्यावर काय असावं ते दुसऱ्यानं ठरवू नये, एवढंच ती सांगत होती.

मला सौम्याचं म्हणणं पटतं. आणि पटतं म्हणूनच २०२२मध्ये कर्नाटकात हिजाब घातलेल्या मुलींना वर्गाबाहेर उभं केलं तेव्हाही मी त्या मुलींच्या बाजूनं होतो. ज्यांना पहिली गोष्ट पटते त्यांना दुसरी पटत नाही आणि ज्यांना दुसरी पटते त्यांना पहिली पटत नाही, असं दोन्हीकडे पाहतो आहे. इराणचं सरकार म्हणतं, झाकल्याशिवाय खेळू देणार नाही. कर्नाटकचं सरकार म्हणत होतं, काढल्याशिवाय शिकू देणार नाही. दोन्ही ठिकाणी मुलीच्या डोक्याच्या आत काय आहे, हे विचारायला कोणाला सवड नव्हती.

सारा खादेम ही इराणची खेळाडू. २०१८च्या अखेरीस जलद आणि अतिजलद या दोन्ही जागतिक स्पर्धांत ती दुसरी आली, तेव्हा तिच्या डोक्यावर स्कार्फ होता. डिसेंबर २०२२मध्ये अल्माटीला ती उघड्या डोक्यानं खेळली आणि त्यापायी तिला देश सोडून स्पेनला जावं लागलं. स्कार्फ होता तेव्हा तिचं डोकं कमी चालत नव्हतं आणि नसताना जास्त चालू लागलं असंही नाही. घोडा अडीच घरं जातो, तो कुणाचं डोकं पाहून जात नाही.

मोहल्ल्यातली एखादी मुलगी ओढणी घेऊन खेळू इच्छित असेल तर तिला ओढणीसकट खेळू द्या. नको असेल तर तशी खेळू द्या. कपड्याच्या वादात पट उधळू नका.

शतरंज आणि आपण

काही वडीलधारे विचारतात, ‘पण शतरंज जायज तरी आहे का?’ प्रश्न प्रामाणिक असतो, म्हणून उत्तरही सरळ द्यायला हवं. मी मौलवी नाही, जे वाचलंय ते सांगतो. फुकहांमध्ये या खेळावर जुना मतभेद आहे. हनफी आलिमांनी कडक भूमिका घेतली. आपण कोकणी मुसलमान बहुतांश शाफई. शाफई मसलकात शतरंज मकरूह मानली गेली, म्हणजे नापसंत, पण हराम नव्हे. अट अशी की त्यात जुगार नसावा, नमाज चुकू नये, तोंडी शिवी येऊ नये. सईद इब्न जुबैर यांच्यासारखे ताबिई पटाकडे पाठ करून खेळत, अशी रिवायत जुन्या ग्रंथांत सापडते. दहाव्या शतकात बगदादच्या दरबारात अस-सूली हा नामवंत खेळाडू होता. त्यानं या खेळावर किताब लिहिली.

आपल्या काळात २०१६मध्ये सौदी अरेबियाच्या ग्रँड मुफ्तींचा बुद्धिबळ निषिद्ध असल्याचा फतवा गाजला. पुढच्याच वर्षी, डिसेंबर २०१७मध्ये, रियाधमध्ये जलद आणि अतिजलद बुद्धिबळाची जागतिक स्पर्धा भरली आणि आपल्या विश्वनाथन आनंदनं तिथं जलद गटाचं विजेतेपद जिंकलं. त्या स्पर्धेत बाया हिजाबाच्या सक्तीविना खेळल्या. इराणमध्ये क्रांतीनंतर बुद्धिबळावर बंदी आली होती, ती १९८८मध्ये खोमेनींनीच उठवली. निर्णय तुमचा तुम्ही घ्या. फक्त एक पाहा. मुलगा मोबाइलवर रात्री दोनपर्यंत गेम खेळतो तेव्हा हा प्रश्न कोणी विचारत नाही. मुलीनं पट मांडला की मसला आठवतो.

‘शह’ आणि ‘मात’ हे शब्द फारसीतून आले. ‘वजीर’ अरबी-फारसीतून आला. मराठीत आपण आजही वजीरच म्हणतो. शतरंजमध्ये हा वजीर अगदी दुबळा होता, तिरका एक घर सरकायचा. युरोपात गेल्यावर तो राणी झाला आणि पंधराव्या शतकाच्या अखेरीस पटावरचा सर्वांत ताकदवान मोहरा बनला. मी मुलांना हे सांगतो तेव्हा मुली हमखास हसतात. एक जण म्हणाली, ‘सर, म्हणजे बाई झाल्यावर ताकद आली?’ मी म्हटलं, ‘बाई झाल्यामुळं नाही गं. घरं मोकळी मिळाल्यामुळं.’

फातिमा नावाची मुलगी

आपल्या समाजात उदाहरणं नाहीत, असंही ऐकायला येतं. एक उदाहरण सांगतो, तुमच्यापैकी बहुतेकांनी ऐकलेलं नसेल.

पंजाबचे जमीनदार सर उमर हयात खान इंग्लंडला गेले, तेव्हा त्यांच्याबरोबर मीर सुलतान खान हा खेळाडू होता. तो तीनदा ब्रिटिश विजेता झाला. त्याच्या नावावर पुस्तकं निघाली. २०२४मध्ये त्याला मरणोत्तर ग्रँडमास्टर किताब दिला गेला. त्याच घरच्या नोकरवर्गात फातिमा नावाची एक तरुण मुलगी होती. ती इंग्लंडमध्ये बुद्धिबळ खेळली. १९३३मध्ये हेस्टिंग्जला ब्रिटनची महिला विजेती झाली. अकरा डाव, दहा विजय, एक बरोबरी. दुसऱ्या क्रमांकाच्या खेळाडूपेक्षा तीन गुण जास्त. एक मुसलमान, चाकरीतली, हिंदुस्थानातली मुलगी, त्यांच्या देशात जाऊन त्यांची विजेती झाली.

आणि पुढं? मालक मायदेशी परतले, तीही परतली. मोठ्या स्पर्धांत तिचं नाव पुन्हा दिसत नाही. तिची कारकीर्द १९३३मध्येच संपली. त्या स्पर्धेत पटावर तिला कोणी हरवलं नव्हतं. तिला खेळायला नेणारा थांबला आणि तीही थांबली.

दिव्या आणि फातिमा यांच्यात फरक बुद्धीचा नाही. एकीला तेरा वर्षं मिळाली, दुसरीला दोन-तीन.

वेळणेश्वरहून किती लांब

आता आपल्या गावाकडे येऊ. दिव्याचे आई-वडील डॉक्टर, शहर नागपूर, घरापासून विमानतळ जवळ. आमच्याकडचा बाप कतारला किंवा जहाजावर, आई एकटी घर, शेती, बँक, सासू-सासरे सगळं सांभाळते. चिपळूणला स्पर्धा असेल तर साठ-एक किलोमीटर. रत्नागिरीला असेल तर हेदवी, तवसाळ, तिथून फेरीबोटीनं जयगड आणि मग पुढं. सकाळी नऊचा पहिला डाव गाठायचा तर पहाटे निघायचं. मुलगी जिल्ह्यातून वर गेली तर विभाग कोल्हापूरचा, म्हणजे घाट चढायचा आणि मुक्काम करायचा. स्पर्धेची फी, भाडं, लॉज, जेवण. मुलाबरोबर चुलतभाऊ जातो. मुलीबरोबर कोण जाणार?

हा प्रश्न खोटा नाही. मी त्याला दकियानूसी म्हणून उडवून लावणार नाही. माझ्याकडे खेळणारी एक मुलगी जिल्हा पातळीपर्यंत गेली होती. तिचे वडील सुट्टीवर आले तेव्हा मला भेटले. शांतपणे म्हणाले, ‘सर, तुम्ही सांगता ते पटतं. दहावीला खेळाचे गुणही मिळतील. पण पुढं काय? मी दहा महिने बाहेर. तिच्या आईनं तिला घेऊन गावोगाव फिरावं का?’

मी म्हटलं, ‘का फिरू नये?’

ते गप्प राहिले. मग म्हणाले, ‘लोक बोलतात.’

पैसा, अंतर, अभ्यास, शरीअत ही सगळी कारणं बाजूला केली की खाली हेच कारण उरतं. लोक बोलतात. आणि बोलणारे लोक म्हणजे तुम्ही-मीच. त्याच ग्रुपवर ‘बेटी हो तो ऐसी’ लिहिणारे.

बुद्धिबळातल्या आया पाहा. दिव्याची आई तिच्याबरोबर बातुमीला होती. चेन्नईच्या प्रज्ञानंद आणि वैशालीची आई मुलांबरोबर कुठं कुठं जाते, ते सगळं जग पाहतं. आमच्या आया बँकेचा व्यवहार करतात, घर बांधायला घेतात, गवंड्याशी भांडतात, मुंबईला एअरपोर्टवर नवऱ्याला सोडायला आणि आणायला जातात. मुलीला घेऊन रत्नागिरीला जाणं त्यांना जमणार नाही, असं कोण म्हणतं?

‘लग्नानंतर सगळं सुटतंच’ हेही एक पेटंट वाक्य आहे. हंपीनं २०१४मध्ये लग्न केलं, २०१७मध्ये तिला मुलगी झाली आणि २०१९मध्ये ती जलद बुद्धिबळाची जगज्जेती झाली. २०२४मध्ये पुन्हा झाली. हरिका २०२२च्या चेन्नई ऑलिम्पियाडमध्ये नववा महिना चालू असताना खेळली आणि संघाला कांस्यपदक मिळवून देण्यात तिचा वाटा होता. सुटत नाही. सोडायला लावलं तर सुटतं.

मग करायचं काय

मोठ्या मागण्या मी करणार नाही. अकादमी हवी, अनुदान हवं, हे खरं आहे. विश्वचषक जिंकल्यावर राज्य सरकारनं दिव्याला तीन कोटींचं बक्षीस दिलं, तेही योग्यच झालं. पण बक्षीस जिंकल्यावर मिळतं. गरज असते ती आधीच्या तेरा वर्षांत.

बुद्धिबळ हा त्या मानानं गरिबाचा खेळ आहे. मैदान लागत नाही, बूट लागत नाहीत, पाऊस आडवा येत नाही. आमच्याकडे तर चार महिने पाऊसच असतो, याहून चांगला हंगाम कुठला? एक पट दोन-तीनशे रुपयांत येतो. मोबाइलवर फुकट खेळता येतं, जगातल्या मोठ्या खेळाडूंचे डाव पाहता येतात. शालेय क्रीडा स्पर्धांत चौदा, सतरा आणि एकोणीस वर्षांखालच्या मुलींचे गट असतात. अकरावी-बारावीच्या मुलींसाठी तो शेवटचा गट खास आहे. तिथं आपल्या भागातून नाव जात नाही, एवढंच.

प्रत्येक जमातीकडे थोडाफार निधी असतो. दरवर्षी त्यातून गुणवंतांचा सत्कार होतो, शाल आणि ट्रॉफी दिली जाते. त्यातल्या दोन ट्रॉफ्या कमी करा आणि एका मुलीचं आणि तिच्या आईचं वर्षभराचं प्रवासभाडं द्या. दोन-तीन गावांच्या मुली मिळून एक गाडी करा, बरोबर दोन आया जाऊ द्या. एकटी गेली तर लोक बोलतात. सहा जणी गेल्या की त्याची रीत होते. मुलींचं शिक्षण असंच रुळलं ना? आज वेळणेश्वरात इंजिनिअरिंग कॉलेज आहे, लांबून मुली येऊन शिकतात आणि कोणाला त्यात वावगं वाटत नाही. पहिली मुलगी घराबाहेर पडली तेव्हा तिच्याबद्दलही लोक बोललेच असतील.

प्रत्येक मुलगी दिव्या होणार नाही. मुलगेही सगळे आनंद होत नाहीत, तरी त्यांना कोणी अकरावीत उठवत नाही. जिंकण्याची हमी मिळाल्यावरच खेळू देऊ, असं म्हटलं असतं तर सात वर्षांची दिव्याही कधी खेळली नसती. खेळणाऱ्या मुलीला हरायची सवय होते, हरल्यावर आपली चूक शोधायची सवय होते आणि समोरच्याच्या डोळ्यांत पाहून आपली चाल करायची सवय होते. पुढं ती डॉक्टर झाली, शिक्षिका झाली, नुसतं घर सांभाळलं, तरी ही सवय वाया जात नाही.

ज्या बापाबद्दल वर लिहिलं, त्यांची मुलगी यंदा अकरावीला आहे. पट अजून तिच्याकडेच आहे, मी परत मागितलेला नाही. एकोणीस वर्षांखालच्या गटाच्या तालुका स्पर्धेची तारीख लागली की मी त्यांना कतारला फोन करणार आहे. तुमच्या घरात अशी मुलगी असेल तर तुम्हाला फोन करायचीही गरज नाही, ती शेजारच्याच खोलीत आहे. तिला फक्त विचारा, ‘हल्ली खेळत का नाहीस?’